सीलबंद बाटलीत बुरशी: कंपनीचा खोका घ्यावा की पर्वरी गाठावी?

डिचोलीकर: चवथीला पाहुण्यांसाठी फळांच्या रसाच्या बाटल्या आणल्या, त्यातल्या एकीत बुरशीचा गोळा तरंगतोय. सील फोडलेलं नाही, बिल आहे, बॅच नंबर स्पष्ट वाचता येतो. कंपनी म्हणते, बाटली परत द्या, बदल्यात एक खोका फुकट पाठवतो. माझ्या मते घेऊ नये. बाटली गेली की पुरावा गेला. २०१९च्या ग्राहक संरक्षण कायद्याने आपण राहतो तिथल्या जिल्हा ग्राहक आयोगात तक्रार करता येते, म्हणजे मला पर्वरीला, उत्तर गोव्याच्या आयोगात. ५ लाखांपर्यंतच्या खरेदीला शुल्क नाही, वकीलही सक्तीचा नाही. मग भ्यायचं कशाला?

म्हापशाचा पसरकार: तुमचं ठीक आहे हो, पण अशा तक्रारीत कंपनीबरोबर दुकानदारालाही ओढतात. सीलबंद माल मी फोडून बघू? तारखा माझा धंदा बुडवणार.

डिचोलीकर: पसरकारबाब, अन्न सुरक्षा कायद्याचं कलम 27 वाचा. मुदत संपलेला माल विकला, घाणीत ठेवला, कोणाकडून घेतला ते सांगता आलं नाही किंवा असुरक्षित आहे हे ठाऊक असून घेतला, तर विक्रेता जबाबदार. घाऊकवाल्याची बिलं जपून ठेवली असतील तर घाबरायचं कारण नाही.

म्हापशाचा पसरकार: कागदावर नाही. तारखेला मात्र जावंच लागतं.

साखळीची वकील: दोघेही खरी अडचण सोडून बोलताय. डोळ्यांना दिसलेली बुरशी पुरेशी नाही, कंपनी वाद घालणारच. तेव्हा ग्राहक संरक्षण कायद्याच्या कलम 38 प्रमाणे आयोग नमुना मोहोरबंद करून प्रयोगशाळेकडे पाठवतो. अहवालाला 45 दिवस, आणि तपासणीचे पैसे आधी तक्रारदाराने भरायचे. बाटली 80 रुपयांची, तपासणी त्याहून महाग! शिवाय बुरशी आहे हे प्रयोगशाळा सांगेल. कारखान्यात आली की वाहतुकीत झाकण सैल होऊन हवा शिरली, हे सांगेलच असं नाही.

डिचोलीकर: मग १९३२च्या त्या स्कॉटिश खटल्यात जिंजर बिअरच्या बाटलीतल्या गोगलगायीवरून उत्पादकाची जबाबदारी कशी ठरली?

साखळीची वकील: जबाबदारीचं तत्त्व ठरलं. बाटलीत गोगलगाय खरंच होती का, हे न्यायालयात कधी सिद्ध झालंच नाही, पुढे तडजोड झाली. लोक नेमकं हेच विसरतात. माझा सल्ला, आधी बांबोळीला एफडीएकडे, म्हणजे अन्न व औषध प्रशासनाकडे, लेखी तक्रार करा. अन्न सुरक्षा अधिकारी त्याच बॅचचा नमुना बाजारातून उचलू शकतो, तोही चार भागांत, म्हणजे फेरतपासणीला जागा राहते.

डिचोलीकर: आणि मला काय मिळणार? अन्न सुरक्षा कायद्यात बाह्य पदार्थ सापडल्याचा दंड 1 लाखापर्यंत, तो सरकारजमा. त्या कायद्यातली भरपाई इजा किंवा मृत्यू झाला तरच. रस तर कोणी प्यायलेलाच नाही.

साखळीची वकील: म्हणूनच तर आयोगात मोठी रक्कम मागू नका. न प्यायलेल्या रसापायी लाखाची नुकसानभरपाई मागितली की तुम्ही पैसे उकळायला आलात असंच वाटेल. बाटलीचे पैसे, तपासणीचा खर्च आणि माफक भरपाई, एवढंच मागा. दोन वर्षांची मुदत आहे, घाई नाही.

वाळपईचो: मी खोका घेतला असता. चवथीला सगळं वाटून संपलं असतं. तुम्हा लोकांना वेळ फार.

डिचोलीकर: वाटताना तुमच्या खोक्यातही बुरशी निघाली तर?

वाळपईचो: मग दुसरा मागायचा.

म्हापशाचा पसरकार: थट्टा पुरे. बॅच नंबर इथे टाका, कंपनीचं नाव मला खाजगीत सांगा. त्याच बॅचच्या बाटल्या माझ्या फळीवर असल्या तर आज उतरवतो. अधिकारी नमुन्याला आले तर इथूनच उचलू दे, फक्त पावती द्यायला सांगा.