काल्पनिक जगाचं पंचांग: दोन चंद्र आणि 384.3 दिवसांचं वर्ष, महिने कसे बसवावेत?

शंकेखोर
कादंबरीसाठी जग रचतोय. दिवस आपल्यासारखाच 24 तासांचा, वर्ष 384.3 दिवसांचं. चंद्र दोन. थोरल्याला अमावस्या ते अमावस्या 27.6 दिवस लागतात, धाकट्याला 9.5. सध्या 32 दिवसांचे 12 महिने धरलेत, पण सण पौर्णिमेला ठेवला की पुढच्याच वर्षी घसरतो. महिने चंद्रावर चालवून ऋतू जागच्या जागी कसे ठेवायचे? धाकट्या चंद्राचं काय करावं? आणि सन एकच असावा की अनेक? पहिल्या भागात हे आकडे येऊन गेलेत, त्यामुळे ते बदलता येणार नाहीत. जाणकारांनी मार्गदर्शन करावं.

घटिकापात्र
बदलू नकाच, आकडे झकास पडलेत.

आपल्याकडे 12 चांद्रमासांचे 354.37 दिवस होतात आणि सौर वर्ष 365.24 चं. दरवर्षी सुमारे 11 दिवसांची तूट साठत जाते आणि सरासरी साडेबत्तीस महिन्यांनी अधिक महिना घालावा लागतो. 2023 चा अधिक श्रावण असाच आला. तुमच्याकडे 384.3 ला 27.6 ने भागलं की 13.924 येतात. म्हणजे 14 महिने धरले तर 386.4 दिवस, वर्षाला 2.1 दिवस जास्तच. तेव्हा तुमच्या लोकांना महिना अधूनमधून गाळावा लागेल. आपल्याकडे क्षयमास ही दुर्मीळ गोष्ट (1963-64, 1982-83), तुमच्याकडे तो नित्याचा.

चक्र असं बसतं: 13 वर्षांचे 4995.9 दिवस, 181 महिन्यांचे 4995.6. बारा वर्षं 14 महिन्यांची आणि तेरावं 13 महिन्यांचं. पाडवा दरवर्षी ऋतूच्या मानाने 2.1 दिवस उशिरा येत जाईल, बारा वर्षांत 25.2 दिवस पुढे सरकेल आणि तेराव्या वर्षाअखेरीस एकदम 25.5 दिवस मागे येईल. शिल्लक चूक 0.3 दिवस, म्हणजे साधारण 43 वर्षांत एक दिवस. तीनशे वर्षांत आठवडाभराचा फरक. पंचांगकर्त्यांचे दोन पंथ व्हायला तेवढं पुष्कळ झालं.

गाळायचा महिना कोणता, याचे दोन मार्ग. सोपा: तेराव्या वर्षी शेवटचा महिना नाही. शास्त्रशुद्ध: सूर्यमार्गाचे 14 भाग करा, प्रत्येकात सूर्य 27.45 दिवस राहील. महिना त्याहून किंचित मोठा असल्याने कधीतरी एकाच महिन्यात दोन संक्रांती (सूर्याचा पुढच्या भागात प्रवेश) येतील, तोच क्षयमास. यात तो वर्षात कुठेही पडू शकतो आणि दोन्ही महिन्यांचे सण एकातच उरकावे लागतात. कथेला हा मार्ग जास्त फळेल. महिन्यावर पगार असणाऱ्याचा एक पगार बुडेल आणि वर्षाचा खंड ठरवलेलं कूळ 13 महिने कसून पूर्ण वर्षाचे पैसे भरेल. तक्रार कुठे उसळेल ते बघाच.

तिथ्या मात्र 30 धरू नका. 27.6 दिवसांत 30 बसवायच्या तर दर महिन्याला सरासरी 2.4 तिथ्यांचा क्षय होईल आणि वाचक वैतागेल. 28 धरा: पाच महिन्यांत फक्त दोन क्षय.

भरती_ओहोटी
वरील प्रतिसादाशी सहमत. धाकट्याबद्दल थोडं. त्याच्यावर महिना ठेवू नका, त्याचा उपयोग आठवड्यासारखा. बाजाराचे दिवस त्याच्या पौर्णिमेला, कधी 9 तर कधी 10 दिवसांनी.

दोघांची अमावस्या एकत्र येणं हा मोठा सण करा. थोरल्याचे 21 महिने 579.6 दिवस, धाकट्याच्या 61 फेऱ्या 579.5. म्हणजे सुमारे दीड वर्षाने जोडअमावस्या. अधे 10 महिन्यांवर अर्ध्या दिवसाने हुकणारी एक येते, तिला लोक 'खोटी' म्हणू देत.

एक भौतिकी तपासा. फेरीच्या काळावरून धाकटा थोरल्याच्या जवळपास निम्म्या अंतरावर असायला हवा. व्यास थोरल्याच्या निम्मा ठेवलात तर आकाशात दोघं सारख्याच आकाराचे दिसतील. घनताही सारखी असेल तर वस्तुमान एक-अष्टमांश, पण अंतर निम्मं असल्याने भरतीचा जोर तितकाच. जोडअमावस्येचं उधाण तेव्हा बंदराच्या गावाला चांगलंच महागात पडेल.

शंकेखोर
क्षयमासाची कल्पना डोक्यातच नव्हती, धन्यवाद! सनांचं कुणी सांगेल का?

मोडीवाचक
अनेक सन ठेवा, पण प्रत्येकाचा वापरणारा ठरलेला असू द्या. पेशवेकालीन कागद पाहिलेत तर एकाच पत्रात गंमत दिसते. वर्ष शुहूर सनाचं, तेही अरबी संख्याशब्दांत: 'खमस सितैन मया व अलफ' म्हणजे 5 + 60 + 100 + 1000 = 1165. त्यात 599 किंवा 600 मिळवायचे, इसवी 1764-65. हे वर्ष सौर, सूर्य मृग नक्षत्रात शिरला की सुरू होणारं, म्हणजे पेरणीच्या तोंडावर. पण त्याच पत्रातला महिना हिजरी, रबिलावल वगैरे. हिजरी वर्ष सुमारे 11 दिवसांनी लहान, त्यामुळे एकाच शुहूर वर्षात काही तारखा सुरुवातीला आणि अखेरीस अशा दोनदा येतात आणि नुसत्या तारखेवरून पत्र कुठलं ते कळत नाही. धर्मकार्याला शालिवाहन शक होताच, आणि 1674 पासून राज्याभिषेक शकही.

तुमच्या जगातही महसूल खातं सौर वर्षावर चालेल, कारण पीक चंद्र बघून येत नाही. तुमचे 32 दिवसांचे 12 महिने फेकू नका, तेच सरकारी वर्ष करा. उरलेल्या 0.3 साठी दर दहा वर्षांत तीन जादा दिवस: तिसऱ्या, सहाव्या आणि दहाव्या वर्षी. देवळाचं पंचांग वेगळं. खोटा दस्तऐवज पकडायचा प्रसंग असेल तर क्षय झालेल्या महिन्याची तारीख टाकणारा लेखनिक आयताच सापडतो.

पश्चिमक्षितिज
हिशेब बरोबर असूनही प्रसंग लिहिताना चुका होतात, त्या अशा. पौर्णिमेचा चंद्र मध्यरात्री उगवत नाही, सूर्यास्ताच्या सुमारास उगवतो. शुद्ध पक्षातली कोर संध्याकाळी पश्चिमेला, वद्य पक्षातली पहाटे पूर्वेला. थोरला रोज सुमारे 54 मिनिटं उशिरा उगवेल, धाकटा जवळजवळ 2 तास 50 मिनिटं. धाकटा दिवसाला 38 अंश सरकतो, त्यामुळे अमावस्येनंतर एका दिवसात त्याचा दहावा भाग उजळलेला असेल. त्याची नाजूक कोर सलग तीन संध्याकाळी दाखवू नका.

एक्सेलमध्ये पहिल्या रकान्यात कथारंभापासूनचा दिवस, दुसऱ्यात त्याला 27.6 ने भागून उरलेली बाकी, तिसऱ्यात 9.5 ने. बाकी 0 च्या आसपास अमावस्या, थोरल्याची पौर्णिमा 13.8 ला, धाकट्याची 4.75 ला. सुरुवात जोडअमावस्येपासून धरा. पहिल्या भागात आधीच एखादी पौर्णिमा लिहिली असेल तर तो दिवस जुळेपर्यंत दोन्ही बाक्यांत ठरावीक आकडा मिळवा, नाहीतर दुसऱ्या भागातले सगळे चंद्र चुकतील.