मुख्यमंत्री आपले, तरी नळ कोरडेच?

लातूरकर: १९८२ला लातूर जिल्हा झाला तेव्हा वडिलांनी पेढे वाटले होते. पुढं विलासराव मुख्यमंत्री, चाकूरकर देशाचे गृहमंत्री. रस्ते, शिकवण्या, बाजार, सगळं वाढलं. तरी एप्रिल २०१६ला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं. सत्ता होती, मग कमी कुठं पडलं? मनापासून विचारतोय.

मांजराकाठ: दादा, सत्ता कुणाची होती ते बघा. लातूरला पाणी देणाऱ्या मांजरा धरणाच्या पट्ट्यात ऊस वाढला, कारखाने वाढले, आणि कारखाना ज्याचा त्याचंच राजकारण. उसाला पाणी लागतं वर्षभर. ज्वारी-तुरीवाल्या कोरडवाहू माणसाचा त्यात आवाज कुठं होता? शहरातही तेच. बोअर आणि टाकी असलेल्यांनी टँकर मागवले. झोपडपट्टीतल्या बाया घागरी घेऊन रांगेत, त्या दिवसाची मजुरी बुडवून. हे मी डोळ्यांनी पाहिलंय.

शिक्षक_परभणी: थोडं मागं जाऊ. १९४८पर्यंत आपला मराठवाडा निजामाकडं, त्यामुळं सिंचन, रेल्वे, उद्योग सगळ्यातच मागं. मराठवाडा, विदर्भ आणि पश्चिम महाराष्ट्राच्या नेत्यांत झालेल्या १९५३च्या नागपूर करारात निधीचं आश्वासन मिळालं. मागास भागाला निधीचा वाटा मिळावा म्हणून वैधानिक विकास मंडळ आलं १९९४ला, तेही २०२०ला मुदत संपून बंद पडलं.

लातूरकर: सर, पटलं. पण निधी आला असता तरी तो उसाकडंच वळला नसता का?

वाळूजची_ताई: वळला असता. आमच्याकडं, संभाजीनगरजवळच्या वाळूजला, कारखाने आले, पोरं मात्र कंत्राटी. शेजारी जायकवाडी धरण असून नळाला पाणी कित्येक दिवसांनी. वॉर्डाच्या बैठकीत पाण्याचं वेळापत्रक मागा, लेखी. आम्ही बाया तेच करतोय.