आयएमडीचा पाऊस एक्सअ‍ॅरेत उघडताना लॅपटॉप अडकतोय, आणि सरासरी उणे?

रानपाऊस:
नमस्कार मंडळी, एमएस्सीच्या प्रोजेक्टला कोकणातल्या अतिवृष्टीचा ट्रेंड काढतेय. पुण्याच्या आयएमडीचा (हवामान खात्याचा) ०.२५ अंशाचा रोजचा ग्रिडेड पाऊस, म्हणजे नकाशावरच्या चौकटीगणिक दिलेला, घेतला, १९०१ ते २०२०, जीआरडी बायनरी फायली. पायथनच्या नमपायने वाचून एका मोठ्या अ‍ॅरेत भरते आणि मग एक्सअ‍ॅरेला (असा डेटा हाताळणारी फुकटची लायब्ररी) देते, पण ८ जीबी रॅमचा लॅपटॉप निम्म्यातच गळपटतो. थोडीच वर्षं घेतली तर चालतं पण रत्नागिरीच्या आसपासची सरासरी चक्क उणे येते!! त्यात सर म्हणतात फुकटचं सॉफ्टवेअर कोणीही लिहितं, त्यावर थिसिस कशाला, लायसनवालं वापर. काय करू?

घाटमाथा:
उणेचं आधी सांगतो, समुद्रावरच्या आणि देशाबाहेरच्या चौकटीत -९९९ भरलेलं असतं, ते तू पाऊस म्हणून मोजतेयस. किनाऱ्याला म्हणूनच जास्त जाणवतं. वाचल्या वाचल्या तिथे नॅन (म्हणजे ‘आकडा नाही’) कर.
रॅमचं म्हणशील तर ग्रिड १३५ गुणिले १२९, म्हणजे १७,४१५ चौकटी, १२० वर्षांचे दिवस धरले तर ३ जीबी होतात. पण नमपायचा रिकामा अ‍ॅरे आपोआप फ्लोट६४ बनतो, म्हणजे दर आकड्याला दुप्पट जागा, मग तेच ६ जीबी. फ्लोट३२ ठेव. आणि खरं तर अख्खा भारत हवाय कशाला? १५.५ ते २०.५ उत्तर, ७२.५ ते ७४.५ पूर्व एवढंच काप, १८९ चौकटी उरतात, सगळी वर्षं मिळून ३५ एमबीच्या आत. पुढे कधी पूर्ण देश लागलाच तर वर्षाला एक नेटसीडीएफ फाईल करून ओपन_एमएफडेटासेटने उघड, मग डास्क नावाची लायब्ररी तुकड्या-तुकड्याने मोजते. आयएमडीलिब नावाची लायब्ररी पण आहे, याच फायलींसाठी बनवलेली, ती बघच.

ढगाळ_दुपार:
एक भर घालते, कारण यात मी स्वतः दोन महिने घालवलेत. आयएमडीचा दिवस सकाळी ८.३० ला संपतो. २६ जुलै २००५ चा मुंबईचा पाऊस, सांताक्रूझचे ९४४ मिमी, डेटात २७ जुलैला सापडेल. उपग्रहाच्या डेटाशी तुलना करणार असशील तर तारखा एका दिवसाने सरकतात. तुझा कोड तपासायला हीच तारीख वापर, फक्त चौकटीत ९४४ शोधू नकोस, तिथे आजूबाजूच्या केंद्रांचं मिळून आलेलं असतं आणि कुलाब्याला त्या दिवशी फक्त ७३ च होता.
सरांच्या शंकेबद्दल, एक्सअ‍ॅरे २०१४ ला खुलं झालं, जगभरचे हवामानवाले रोज वापरतात आणि चूक सापडली की गिटहबवर (कोड ठेवायच्या साईटवर) सगळ्यांसमोर दुरुस्त होते. सरासरी कशी काढली ते ओळ न् ओळ उघडून वाचता येतं, बंद सॉफ्टवेअरमध्ये ते कसं बघणार? पण सरांना नुसतं हे ऐकवू नकोस गं, एका चौकटीचं एक वर्ष हाताने मोजून दाखव. थिसिसमध्ये व्हर्जन नंबर लिही आणि होयर-हॅमन यांचा २०१७ चा पेपर साईट कर, ही माणसं मोफत देतात तर श्रेय तरी मिळायला हवं.

रानपाऊस:
-९९९ च होतं!! कोकण कापल्यावर काही सेकंदात चाललं, आणि मुंबईचा आकडा खरंच २७ तारखेला दिसला. सर उद्या हाताचं गणित बघणारेत. ताई, वाचायचा कोड गिटहबवर टाकू का, लायसन कोणतं लावू?

घाटमाथा:
टाक की, एमआयटी लाव. डेटा मात्र सोबत टाकू नकोस, तो जिथून घेतलास ती लिंक दे, आणि ८.३० चं रीडमीत (कोडसोबतच्या माहितीच्या फाईलीत) सगळ्यात वर लिही.