मदत हवी आहे: मुलाच्या नावे केलेलं बक्षीसपत्र आईला रद्द करून घेता येतं का?

गोदाकाठ: मावशीसाठी विचारतेय. वय 71, काका नाहीत, नाशिकला असते. 2019 मध्ये राहता फ्लॅट बक्षीसपत्राने मुलाच्या नावे केला. आता स्वयंपाकघराला कुलूप, पेन्शनचं एटीएम कार्ड मुलाकडे, शिवीगाळ रोजची. कोर्टाची पायरी चढायला ती तयार नाही. फ्लॅट परत मिळेल का? अर्ज कुठे द्यायचा?

साक्षांकित: कोर्टात जावं लागत नाही. आई-वडील व ज्येष्ठ नागरिक यांच्यासाठीच्या 2007 च्या कायद्याखाली अर्ज निर्वाह न्यायाधिकरणाकडे, म्हणजे प्रांत कार्यालयात द्यायचा. वकील लागत नाही. मावशींना झेपत नसेल तर त्यांनी लेखी अधिकार दिलेली व्यक्ती अर्ज करू शकते, म्हणजे तुम्हीही.

आधी दुय्यम निबंधक कार्यालयातून बक्षीसपत्राची प्रमाणित नक्कल काढा. नुसत्या इंडेक्स टूवर (नोंदणीचा सारांश उतारा) भागणार नाही, त्यात अटी दिसत नाहीत. दस्त रद्द होतो तो कलम 23 खाली, आणि त्यासाठी दोन गोष्टी लागतात: सांभाळ करण्याच्या अटीवर मालमत्ता दिली होती, आणि ती अट पाळली गेली नाही. बहुतेक अर्ज पहिल्याच गोष्टीवर अडकतात. ठरावीक मसुद्यात ‘नैसर्गिक प्रेमापोटी, स्वखुशीने’ एवढंच असतं. अट होती हे सिद्ध करावंच लागतं, असं सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये सांगितलंय. दस्तात नक्की काय आहे?

गोदाकाठ: प्रेमापोटी, एवढंच. पण नोंदणीच्याच दिवशी शंभराच्या स्टॅम्पवर मुलाने ‘आईला आजन्म सांभाळीन’ असं लिहून दिलंय. कागद मावशीकडे आहे.

साक्षांकित: मग नक्की अर्ज करा! जानेवारी 2025 च्या ऊर्मिला दीक्षित प्रकरणात असंच होतं: दानपत्र, म्हणजे बक्षीसपत्रच, आणि त्याच दिवशीचं वेगळं वचनपत्र. सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही एकत्र वाचून दानपत्र रद्द केलं आणि घराचा ताबा आईला द्यायला सांगितला. तो मूळ स्टॅम्प आजच घराबाहेर सुरक्षित ठेवा, अर्जाला फक्त झेरॉक्स जोडा, मूळ कागद सुनावणीला दाखवा.

अर्जात ‘न्याय मिळावा’ असं मोघम लिहू नका. मागण्या वेगवेगळ्या लिहा: कलम 23 खाली दस्त रद्द करून ताबा, दरमहा निर्वाह भत्ता (कायद्यातली कमाल मर्यादा 10,000 रुपये), त्यासाठी औषधं, किराणा, डॉक्टर यांचा महिन्याचा हिशेब आकड्यांत, निकालापर्यंत अंतरिम भत्ता, आणि तोवर फ्लॅट विकू वा गहाण ठेवू नये असा आदेश. निर्वाहाच्या अर्जाचा निकाल नोटीस बजावल्यापासून 90 दिवसांत, फार तर आणखी 30 दिवसांत द्यायचा असतो. प्रत्यक्षात तारखा लांबतात, म्हणून अंतरिम भत्ता पहिल्याच अर्जात मागा.

घरात सून असेल तर तिला बाहेर काढण्याची मागणी मात्र जपून करा. तिच्या राहण्याच्या हक्काचाही विचार व्हायला हवा, हे सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये स्पष्ट केलंय.

माजघर: या सगळ्याच्या आधी बँक. अर्ज दिला की मुलाला नोटीस जाते, आणि कार्ड त्याच्याच खिशात आहे! मावशींना घेऊन शाखेत जा. कार्ड ब्लॉक करा, खात्याला जोडलेला मोबाइल नंबर मुलाचा असेल तर बदला, खातं जोडखातं आहे का तेही बघा. पुढचं पेन्शन वाचेल.

कुलूप लावल्याचे फोटो तारखेसह ठेवा. मारहाण झाली तर 112, आणि त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात तपासणी. दोन दिवसांनी गेलं की वळ फिके पडलेले असतात. सल्ल्यासाठी 14567 ही ज्येष्ठांची मोफत हेल्पलाइन सकाळी 8 ते रात्री 8. मावशींना 2005 च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली संरक्षण अधिकाऱ्याकडेही जाता येतं. सर्वोच्च न्यायालयाच्या 2016 च्या निकालानंतर सुनेविरुद्धही. फक्त तो मार्ग पुढे दंडाधिकाऱ्यांच्या कोर्टात जातो, तेव्हा मावशींना आधी कल्पना द्या.

गोदाकाठ: मनापासून आभार. निकाल विरुद्ध गेला, किंवा भत्ता मंजूर होऊनही दिला नाही तर?

साक्षांकित: विरुद्ध गेला तर 60 दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांच्या स्तरावरच्या अपील न्यायाधिकरणाकडे जाता येतं. भत्ता थकला तर निर्वाह न्यायाधिकरणाकडेच वसुलीचा अर्ज. तरीही दिला नाही तर एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते. वसुलीचा अर्ज रक्कम देय झाल्यापासून तीन महिन्यांच्या आत लागतो. ‘देईल पुढच्या महिन्यात’ म्हणत थांबू नका.