कालचक्राचा नियम: तिन्ही चक्रं 180 वर्षांतच जुळतात, काय बदलावं?

बाळीवेस (प्रश्न)

नमस्कार मंडळी. कल्पनारम्य कादंबरीमालेसाठी एक विश्व रचतोय. तिथल्या मूळ नियमाचं नाव 'फेरनेम'. विश्व हा एक माग आहे आणि तीन चक्रं पुन्हा एकाच स्थितीत आली की काळ पहिल्या धाग्यावर परत येतो. दुष्काळाचं चक्र 12 वर्षांचं, राजगादीचं 18 आणि मृतात्मे परतण्याचं 30.

अडचणी दोन आहेत. तिन्ही चक्रं 180 वर्षांतच जुळतात, मला निदान पाच हजार वर्षांचा पट हवा. आणि सगळं जसंच्या तसं घडणार असेल, तर पात्रांनी धडपड का करायची?

पंचांगप्रेमी

पहिली अडचण निव्वळ लसाविची आहे. 12, 18 आणि 30 या तिन्हींना 6 ने भाग जातो, म्हणून ती लवकर भेटतात. आपल्याकडे 60 संवत्सरांचं चक्रही असंच छोटं राहतं: गुरूची फेरी ढोबळ 12 वर्षांची, शनीची 30, लसावि 60. (शकात 12 मिळवून 60 ने भागा, बाकी म्हणजे संवत्सराचा क्रमांक. शके 1947 साठी बाकी 39, म्हणजे विश्वावसू.)

सामाईक विभाजक नसलेले आकडे घ्या. 18 तसाच ठेवा, 12 चे 11 करा, 30 चे 29. 11 × 18 × 29 = 5742 वर्षं. पट मिळाला.

पण कथेला खरा उपयोग दोन-दोन चक्रांच्या भेटींचा आहे. दुष्काळ आणि गादी दर 198 वर्षांनी भेटतात, दुष्काळ आणि मृतात्मे 319 वर्षांनी, गादी आणि मृतात्मे 522 वर्षांनी. शेवटची तिहेरी भेट सोडली तर 5742 वर्षांत अशा 28 + 17 + 10 = 55 भेटी होतात. या 55 सालांची यादी लिहिण्याआधीच करा, नाहीतर चौथ्या भागात एखादा राजा चुकीच्या दुष्काळात मरेल आणि वाचक ते नक्की पकडेल.

पूर्वभाग

विश्वाला माग म्हटलंच आहे, तर जेकार्ड, म्हणजे नक्षीदार कापड विणणारा माग, कसा चालतो ते नीट वापरा. चादरीची नक्षी भोकं पाडलेल्या पत्त्यांच्या माळेत असते. एका आडव्या धाग्याला एक पत्ता, आणि शेवटचा पत्ता पहिल्याला बांधलेला. 480 पत्ते आणि इंचाला 40 आडवे धागे धरले, तर नक्षी बरोबर 12 इंचांनी परत येते.

तुमच्या दुसऱ्या अडचणीचं उत्तर इथेच आहे. पत्ते ठरवतात कुठला उभा धागा वर उचलायचा. आडव्या धाग्याचा रंग, तो धागा इकडून तिकडे नेणाऱ्या धोट्यातून येतो. समजा सात रंग आहेत आणि दर 100 धाग्यांनी रंग बदलतो. रंगांची फेरी 700 धाग्यांची, पत्त्यांची 480 ची. दोन्ही एकत्र जुळतात 16,800 धाग्यांनी, म्हणजे नक्षीच्या 35 फेऱ्यांनंतर. नक्षी फूटभरात परत आली, पण तोच रंग घेऊन यायला 35 फूट लागले. तेव्हा प्रसंग पत्त्यांवर ठेवा आणि माणसाची निवड धोट्यात. दुष्काळ येणारच, पण कोठार उघडायचं की कुलूप लावायचं, हा रंग.

आणखी एक. पत्ता फाटला किंवा उलटा बांधला गेला, की तो दोष प्रत्येक फेरीत त्याच जागी उमटतो. कापडावर कितीही रफू केलं तरी पुढच्या फेरीत तो परत येतो, दुरुस्ती माळेतच करावी लागते. तुमच्या विश्वात माळेला हात कोण लावू शकतो, माग थांबवावा लागतो का, आणि थांबलेल्या वेळात जिवंत माणसांचं काय होतं, हे आधी ठरवा. फेरनेमेचा सगळा जीव या एका निर्णयात आहे.

बाळीवेस

रंगाची कल्पना अगदी बसली. पण तिथल्या पुजाऱ्यांकडे 55 भेटींची यादी असणार. त्यांना सगळं आधीच कळलं तर ताण कसला उरेल?

पंचांगप्रेमी

हिशेबात थोडी बाकी उरू द्या. निसर्गाची चक्रं पूर्ण आकड्यांत बसत नाहीत. चांद्रवर्ष 354 दिवसांचं, सौर सुमारे 365¼. मधले 11 दिवस साठतात, म्हणून 19 वर्षांत 7 अधिक महिने घ्यावे लागतात आणि तरी काही तास उरतातच. सोलापूरच्या गड्ड्याच्या यात्रेत तैलाभिषेक, अक्षता, होम हा क्रम ठरलेला. पण ज्या संक्रांतीला ती बांधलेली आहे, ती इंग्रजी तारखेत साधारण 70 वर्षांना एक दिवस पुढे सरकते. पुराणांच्या गणितातही कल्प, म्हणजे ब्रह्मदेवाचा एक दिवस, 1000 महायुगांचा, पण 14 मन्वंतरं × प्रत्येकी 71 महायुगं = 994 होतात. उरलेली 6 भरायला कृतयुगाएवढे 15 संधिकाल घातलेत, तेव्हा कल्पाची 1000 पुरी होतात.

आता तुमचं गणित. पुजारी दुष्काळ 11 वर्षांचा मोजतात, पण तो असू द्या 11 वर्षं 1 महिना. पहिल्या पाच-सहा फेऱ्या कुणाला शंका येणार नाही. 66 व्या फेरीला, म्हणजे सुमारे 731 वर्षांनी, चूक साडेपाच वर्षांची होते: पोथीत सुकाळ, शेतात धूळ. 132 फेऱ्यांनी, 1463 वर्षांनंतर, चूक बरोबर एका चक्राएवढी होते आणि पोथी पुन्हा खरी वाटू लागते. मधला काळ 'पाखंडाचा' ठरवून पुसला जाईल. संघर्ष आपोआप तयार होतो.

एक सावधगिरी. महिन्याच्या फरकाने दुष्काळ ऋतूंतूनही सरकतो आणि 12 फेऱ्यांनी, 133 वर्षांनी, मूळ महिन्यात येतो. त्यामुळे दर फेरीला कुठलं पीक जातं, ज्वारी की तूर, हे वेगळं लिहावं लागेल.

पूर्वभाग

मग तिहेरी भेटही 5742 ला होणार नाही. महिन्यांत मांडा: 133, 216, 348. लसावि 8,33,112 महिने, म्हणजे 69,426 वर्षं. पुजारी 5742 व्या वर्षी माग पहिल्या धाग्यावर परतण्याची वाट बघत बसतील आणि तो पुढेच चालत राहील. पहिला भाग त्या सकाळी सुरू करा.