परभणीत राहून स्वतःची रॉक गाणी करायची आहेत. हा करार स्वीकारावा का?

परभणीचा_गिटारवादक

नमस्कार. मी इलेक्ट्रिक गिटार वाजवतो आणि मराठी गाणी स्वतः लिहून, त्यांना चाल लावून गातो. पाणी, कापसाचे भाव आणि ऊसतोडीच्या हंगामात ओस पडणारी गावे, असे बहुतेक गाण्यांचे विषय आहेत. तीन गाणी मी स्वखर्चाने ध्वनिमुद्रित केली आहेत. एका कंपनीने ती प्रसिद्ध करण्याची तयारी दाखवली आहे. मात्र एकरकमी मानधनाच्या बदल्यात सर्व हक्क कायमस्वरूपी आणि जगभरासाठी कंपनीकडे जातील, असे करारात लिहिले आहे. नाव व्हायचे तर एवढे सोडावेच लागते, असे घरच्यांचे मत आहे. सही करावी का, आणि यावरच उदरनिर्वाह करायचा असेल तर पुण्या-मुंबईला राहायला जाण्यावाचून गत्यंतर नाही का, याविषयी जाणकारांनी मार्गदर्शन करावे.

संभाजीनगर_रियाज

या स्वरूपात सही करू नका, असे मी स्पष्टपणे सुचवेन. एका गाण्यात शब्द, चाल आणि ध्वनिमुद्रण असे तीन निरनिराळे हक्क असतात, आणि तुमच्या बाबतीत तिन्ही तुमच्याकडेच आहेत, कारण ध्वनिमुद्रणाचा पुढाकार आणि जबाबदारी ज्याने घेतली तोच कायद्याच्या दृष्टीने त्याचा निर्माता ठरतो. कॉपीराइट कायद्याच्या २०१२च्या दुरुस्तीनंतर गीतकार व संगीतकाराचा रॉयल्टीतला, म्हणजे गाण्याच्या वापरातून मिळणाऱ्या मोबदल्यातला, वाटा वारस किंवा कॉपीराइट सोसायटी (हा मोबदला कलाकारांच्या वतीने गोळा करणारी संस्था) यांच्याखेरीज कोणालाही देता येत नाही. करारात काहीही लिहून घेतले तरी तो भाग निरर्थक ठरतो. ही रॉयल्टी गोळा करण्याचे काम मुंबईची आयपीआरएस ही १९६९ साली स्थापन झालेली संस्था करते, आणि तुम्ही गीतकार व संगीतकार या दोन्ही नात्यांनी तिचे सदस्य होऊ शकता.

खरा धोका ध्वनिमुद्रणाच्या मालकीत आहे, कारण तिला असे संरक्षण नाही. करारात मुदत लिहिलेली नसेल तर हस्तांतर पाच वर्षांपुरते आणि प्रदेश लिहिलेला नसेल तर भारतापुरते मानले जाते. परंतु तुमच्या करारात ‘कायमस्वरूपी’ आणि ‘जगभर’ हे दोन्ही शब्द असल्याने या तरतुदीचा तुम्हाला उपयोग नाही. म्हणून मालकी स्वतःकडे ठेवून ठरावीक वर्षांसाठी परवाना देण्याची तयारी दाखवा. कंपनीने ते नाकारले, तरी वार्षिक शुल्क किंवा उत्पन्नातला हिस्सा घेऊन गाणी सर्व ऑनलाइन मंचांवर पोहोचवणारे वितरक आहेत. तेथे प्रत्येक ध्वनिमुद्रणाला आयएसआरसी हा बारा अक्षर-अंकांचा ओळख-क्रमांक मिळतो. त्याआधी ड्रम व बेस वाजवणाऱ्यांशी मोबदला आणि हक्क यांविषयी लेखी समजूत करून घ्या. मित्रांशी कागद कशाला, हा संकोच आपल्याकडे फार आहे आणि पुढे तोच मैत्री तोडतो.

लातूर_ते_पुणे

हक्कांविषयी वरील मताशी मी सहमत आहे. मात्र ऑनलाइन ऐकल्या जाण्यातून सुरुवातीच्या वर्षांत घरखर्च निघेल, अशी अपेक्षा ठेवू नका. स्वतंत्र कलाकाराचे पोट मुख्यतः प्रत्यक्ष कार्यक्रमांवर चालते. दिल्लीच्या ‘इंडियन ओशन’ या बँडने २०१० मध्ये एका अल्बमची गाणी इंटरनेटवर विनामूल्य दिली, ती रंगमंचावरच्या मिळकतीच्या बळावर.

राहण्याविषयी माझे मत असे की, मुक्काम परभणीतच ठेवावा. पुण्यातले घरभाडे भागवण्यासाठी लग्नसमारंभांत इतरांची गाणी वाजवावी लागतात आणि हळूहळू आठवड्यातले सगळे दिवस त्यातच जातात. स्वतःचे गाणे लिहिणे मागे पडते. देवगिरी एक्सप्रेस परभणीहून रात्रभरात मुंबईला पोहोचवते, त्यामुळे कार्यक्रमापुरते जाऊन परत येणे शक्य आहे. शिवाय तुमच्या गाण्यांचे विषय ज्यांच्या जगण्यातले आहेत, ते श्रोते येथेच आहेत. जालना, बीड, नांदेड येथील महाविद्यालयांच्या स्नेहसंमेलनांत मूळ रचनांसाठी अर्धा तास मागून पाहा. गोंधळातले संबळ ज्यांच्या कानांत लहानपणापासून बसले आहे, त्यांना तालाचा जोर समजावून सांगावा लागत नाही.

अंबाजोगाईकर

मुक्काम परभणीतच ठेवावा, या मुद्द्याशी मी पूर्णपणे सहमत नाही. रॉक हे एकट्याने वाढवण्याचे संगीत नव्हे. आपल्यापेक्षा सरस ड्रमवादकाबरोबर नियमित सराव केल्याशिवाय गिटारवादकाचा हात आणि गायकाचा दम तयार होत नाही, आणि असे वादक आपल्या जिल्ह्यांत टिकत नाहीत, नोकरीसाठी बाहेर पडतात. जमल्यास एक-दोन वर्षे पुण्यात काढावीत, पण प्रसिद्धीसाठी नव्हे, सरावासाठी, आणि शक्य असेल तर लग्नांऐवजी गिटार शिकवण्यावर खर्च भागवावा.

परभणीचा_गिटारवादक

सर्वांचे मनःपूर्वक आभार. एकरकमी हस्तांतराऐवजी तीन वर्षांच्या परवान्याचा प्रस्ताव मी कंपनीला लेखी पाठवत आहे. परवान्यात एखादी विशेष अट घालावी का?

संभाजीनगर_रियाज

होय. ठरावीक महिन्यांत गाणे प्रसिद्ध न केल्यास परवाना आपोआप रद्द होईल, आणि दर सहामाहीस उत्पन्नाचा लेखी हिशेब मिळेल, या दोन अटी अवश्य घाला. करार अंतिम करण्यापूर्वी कॉपीराइटचे काम पाहणाऱ्या वकिलाला एकदा दाखवा.