पत्कींबद्दल थोडं माझंही

वरती एकाने लिहिलंय ना की अशोक पत्की म्हणजे मालिकावाले, सिनेमाच्या संगीतकारांत त्यांना कशाला धरता, तर हे काय पटलं नाही बघा. अहो २००६ च्या 'अंतर्नाद' या कोकणी सिनेमासाठी त्यांना नॅशनल अवॉर्ड मिळालंय की! आणि मुळात ते घडले पेटी वाजवत, सुमन कल्याणपूरांना साथ केली, जितेंद्र अभिषेकीबुवांच्या हाताखाली नाटकांचं काम केलं, मग 'केतकीच्या बनी'सारखं गाणं असंच आलं होय? मधे ढिगाने जाहिरातींच्या जिंगल्स केल्या, मला वाटतं खरी तालीम तीच. चार-दहा सेकंदात चाल डोक्यात बसली पाहिजे, पाल्हाळ लावायला जागाच नाही.

आमच्या घरी सोलापूरला पूर्व भागात खाली यंत्रमाग, दिवसभर खटखट, टीव्हीवरचं बोलणं कुणाला धड ऐकू यायचं नाही. पण 'आभाळमाया' मालिका लागली की पत्कींच्या चालीतलं तिचं शीर्षकगीत सुरू व्हायचं, देवकीताईंचा (गायिका देवकी पंडित) आवाज त्या खटखटीतनं वर यायचा आणि आई भाकरी तव्यावर टाकून बाहेर. (एक करपायचीच, आम्ही शेंगाचटणीसंगं खायचो.) पुढे 'वादळवाट' मालिकेच्या गाण्याचं पण तेच. शब्द दोन्हीचे मंगेश कुलकर्णींचे, त्यांचं नाव इथं कुणीच घेतलं नाही अजून. मालिकेची स्टोरी विचाराल तर निम्मी विसरलो, चाल मात्र आत्ता टाइप करतानापण गुणगुणतोय, बायको विचारतीय काय झालं म्हणून.